दोन दिवसांपलीकडचे फैजपूर



गाव कुठले, असे पुण्या-मुंबईत कुणी विचारले की आपण फैजपूरकर ठरलेली दोन उत्तरे देतो. घाईत असलो तर 'भुसावळजवळ'. समोरचा माणूस थोडा वाचणारा वाटला तर 'ते १९३६ चे काँग्रेस अधिवेशन झाले ना, तेच'. दुसरे उत्तर देताना मान जरा ताठ होते. इतिहासाच्या पुस्तकात आपल्या गावाचे नाव एका ओळीत यायचे आणि त्या ओळीला सगळा वर्ग उगाचच एकमेकांकडे बघायचा, हे तुम्हालाही आठवत असेल.

पण २७ आणि २८ डिसेंबर १९३६ हे दोन दिवस बाजूला ठेवले तर गावाचा इतिहास आपल्याला किती सांगता येतो? मी काही इतिहासाची अभ्यासक नाही. आमच्या संगणकाच्या धंद्यात कुणी जुनी प्रणाली हातात दिली की पहिला प्रश्न असतो, हे असे का बांधले आणि नंतर कुणी कुणी त्यात काय बदलले? तोच प्रश्न या स्मरणिकेच्या निमित्ताने गावाला लावून पाहिला. हाती आलेले उत्तर असे, की गेल्या दीडशे वर्षांत फैजपूरने एक धंदा गमावून दुसरा उभा करण्याचे काम अनेकदा केले आहे. अधिवेशन त्याच मालिकेत बसते, आणि आज गावाबाहेर शेतांचे प्लॉट पडत आहेत तेही त्याच मालिकेत बसते.

रंगाऱ्यांचे गाव

'फैज' हा शब्द फारसी-अरबीतून आलेला. अर्थ कृपा, भरभराट. असे नाव आपल्याकडे आले यात नवल नाही, कारण पूर्वेला बऱ्हाणपूर आहे. फारुकी सुलतानांची ती राजधानी. १६०१ मध्ये अकबराने असीरगड घेतला आणि खानदेश मोगलांकडे गेला, तरी बऱ्हाणपूरचे व्यापारी वजन कमी झाले नाही. तिथले कापड दूरदेशी जायचे. सातपुड्याच्या पायथ्याने चोपडा, यावल, फैजपूर, सावदा, रावेर असा जाणारा आणि आज बऱ्हाणपूर-अंकलेश्वर महामार्ग म्हणून ओळखला जाणारा रस्ता बऱ्हाणपूरला गुजरातशी जोडतो. त्या वाटेवरचे आपण एक पेठेचे गाव.

१८१८ मध्ये पेशवाई संपली आणि खानदेश इंग्रजांकडे आला. त्यांच्या गॅझेटियरमध्ये फैजपूरची ओळख वाचताना मी थबकलेच. त्यात केळी नाही. त्यात आहे सुती कापडावरची छपाई आणि निळ्या व लाल रंगाची कारागिरी. सुमारे २५० कुटुंबे या एका धंद्यावर जगत होती, आणि गावचा लाकडाचा आठवडे बाजार खानदेशातल्या मोठ्या बाजारांपैकी एक होता. १९०१ च्या शिरगणतीत गावची वस्ती दहा हजारांच्या आसपास होती. एका घरात पाच माणसे धरली तरी दर आठ माणसांत एक माणूस रंगाऱ्याच्या घरचा निघतो. गावात त्या काळी किती हात निळे-लाल असतील याचा अंदाज करा.

हा धंदा गावात कुणी चुका केल्या म्हणून बुडाला नाही. त्याचे कारण हजारो मैलांवर होते. पारंपरिक लाल रंग झाडांच्या मुळांपासून आणि निळा रंग निळीच्या झाडापासून निघायचा. १८६९ मध्ये युरोपात लाल रंगातले मुख्य द्रव्य, अलिझरीन, प्रयोगशाळेत तयार झाले. १८९७ मध्ये जर्मनीतल्या कारखान्याने कृत्रिम नीळ बाजारात आणली. ते रंग स्वस्त होते, गिरण्यांना सोयीचे होते. पुढच्या दोन पिढ्यांत हिंदुस्थानभरचे नीळ पिकवणारे आणि रंगारी मागे पडत गेले. आपले गावही त्यातून सुटले नाही. आज गावात 'रंगारी' हे आडनाव ऐकू येते तेव्हा तो एका बुडालेल्या धंद्याचा पत्ता आहे, हे आपल्या मुलांना सांगायला हवे.

बांबूचे नगर

१८८५ मध्ये मुंबईत काँग्रेस भरली तेव्हापासूनची अधिवेशने शहरांत होत आली होती. शेतकऱ्यांच्या देशाची सभा खेड्यात का भरू नये, असा गांधीजींचा आग्रह होता. पन्नासावे अधिवेशन फैजपूरला ठरले आणि ग्रामीण भागात भरलेले ते पहिले अधिवेशन झाले.

निर्णय धाडसाचा होता. गावाला रेल्वे नाही. आठवड्याच्या बाजाराला गर्दी होणे वेगळे आणि देशभरातून आलेल्या हजारो माणसांना डिसेंबरच्या थंडीत राहायला जागा, प्यायला पाणी, संडास आणि दोन वेळचे जेवण देणे वेगळे. स्वागताध्यक्ष शंकरराव देव होते. प्रत्यक्ष जुळवाजुळवीत खिरोद्याचे धनाजी नाना चौधरी आणि त्यांचे सहकारी राबत होते. साने गुरुजी अधिवेशनाच्या प्रचारासाठी खानदेशात गावोगाव फिरले. गावाबाहेरच्या जमिनीवर जे नगर उभे राहिले त्याला लोकमान्यांच्या नावाने 'तिलकनगर' म्हटले गेले.

शांतिनिकेतनचे चित्रकार नंदलाल बोस यांच्याकडे या नगराची कलात्मक बाजू होती आणि बांधणीचे काम म्हात्रे यांच्याकडे होते. बांबू, तट्टे, गवत, दोर, म्हणजे परिसरातल्या शेतकऱ्याच्या आणि बुरुडाच्या घरी असणाऱ्या वस्तूंतून त्यांनी कमानी, मंडप आणि राहुट्या उभ्या केल्या. २५ डिसेंबरला गांधीजींनी खादी व ग्रामोद्योगांच्या प्रदर्शनाचे उद्घाटन केले. मुंबईहून धावपटूंनी हातोहात ज्योत आणली. अध्यक्ष जवाहरलाल नेहरूंची मिरवणूक मोटारीतून निघाली नाही, नंदलालबाबूंनी सजवलेल्या आणि बैलजोड्यांनी ओढलेल्या रथातून निघाली. झेंडा वर चढताना मध्येच अडकला तेव्हा एक तरुण त्या उंच खांबावर चढून गेला आणि त्याने तो मोकळा केला, ही हकीकतही नोंदली गेली आहे.

फैजपूरचा प्रयोग जमला म्हणून पुढचे अधिवेशन १९३८ मध्ये गुजरातेतल्या हरिपुरा या खेड्यात भरले आणि तिथेही नंदलाल बोसच होते. हरिपुऱ्याची त्यांची चित्रे कलेच्या पुस्तकांत आहेत. त्याआधीची तालीम आपल्या शिवारात झाली होती.

अधिवेशन संपल्यावर नगर उतरवले गेले. बांबू आणि तट्टे ज्याच्या त्याच्या कामाला परत गेले असतील. पायाच घातलेला नव्हता, मग अवशेष कुठून राहणार?

जमिनीचा ठराव

शाळेत आपण मिरवणूक आणि रथ शिकलो. पण त्या दोन दिवसांत मंजूर काय झाले, हे माझ्या तरी डोक्यात राहिले नव्हते. १९३५ च्या भारत सरकार कायद्याला विरोध आणि घटना समितीची मागणी हे ठराव होतेच, कारण प्रांतिक निवडणुका अवघ्या काही आठवड्यांवर आल्या होत्या. त्यांच्या जोडीला होता शेतीविषयक कार्यक्रम, १३ कलमांचा. सारा आणि खंड यांत मोठी कपात, पोट न भरणाऱ्या लहान जमिनींना सूट, कर्जाचा बोजा हलका करणे, सरंजामी वेठ आणि वसुल्या बंद करणे, शेतमजुरांना जगण्यापुरती मजुरी, गायरानाची सोय, सहकारी शेतीचे प्रयत्न आणि शेतकऱ्यांच्या संघटनांना मान्यता, असे विषय त्यात होते.

याच वेळी फैजपूरला अखिल भारतीय किसान सभेचे दुसरे अधिवेशनही भरले. अध्यक्ष होते आंध्रचे एन. जी. रंगा. त्यासाठी मनमाडहून पाचशेवर शेतकरी दोनशे मैलांचा पायी मोर्चा घेऊन आले. वाटेतल्या गावांत ते शेतकऱ्यांचे प्रश्न समजावून सांगत होते. फैजपूरला त्यांच्या स्वागताला नेहरू, शंकरराव देव, मानवेंद्रनाथ रॉय, आचार्य नरेंद्र देव, श्रीपाद अमृत डांगे, युसूफ मेहरअली ही मंडळी उभी होती. यातल्या अनेकांचे आपसांत पटत नव्हते, तरी ती सगळी एका रांगेत आली होती.

ठरावातले सगळे प्रत्यक्षात आले नाही. काही आले, तेही उशिरा. मुंबई राज्याचा कूळकायदा १९४८ चा, आणि १ एप्रिल १९५७ या 'कृषक दिना'पासून कसणारी कुळे जमिनीची मालक मानली गेली. आपल्यापैकी काहींच्या घरची जमीन या कायद्याने आलेली आहे आणि काहींच्या घरची याच कायद्याने गेलेली आहे. दोन्ही घरची मुले आपल्या वर्गात एका बाकावर बसत होती. घरात या गोष्टी अजूनही आवाज खाली आणून बोलल्या जातात. त्या इतिहासाच्या आहेत असे मात्र कुणी सांगत नाही.

राहिलेली सवय

तिलकनगर उतरवले गेले, पण वर्गणी काढून आणि जागा मिळवून संस्था उभी करण्याची सवय परिसरात राहिली. १९६१ मध्ये फैजपूरला महाविद्यालय निघाले आणि त्याला धनाजी नानांचे नाव मिळाले. त्यांचे चिरंजीव मधुकरराव चौधरी पुढे राज्याचे शिक्षणमंत्री झाले आणि १९९० ते १९९५ या काळात विधानसभेचे अध्यक्ष. न्हावी रस्त्यावरच्या सहकारी साखर कारखान्याला त्यांचे नाव आहे. खिरोद्याला ललित कलेचे महाविद्यालय आहे. बांबूच्या कमानी करणाऱ्या चित्रकाराला पाहिलेल्या मुलखात चित्रकला शिकवणारी संस्था निघावी, हा योगायोग मला आवडतो.

१९८३ मध्ये राज्य सरकारने विनाअनुदान अभियांत्रिकी महाविद्यालयांना परवानगी दिली आणि त्याच सुमारास फैजपूरलाही असे महाविद्यालय सुरू झाले. आपल्या वयाच्या मुलींच्या दृष्टीने याचा अर्थ फार मोठा होता. मुलीला बाहेरगावी वसतिगृहात ठेवायला जी घरे राजी नव्हती, त्यांना सायकलच्या किंवा एसटीच्या अंतरावर पदवी आली. आमोदा, बामणोद, भालोद, न्हावी, पिंपरूड इथल्या मुली सकाळच्या एसटीने यायच्या. 'शिकून काय करणार' या प्रश्नाला घरच्यांनी दिलेले उत्तर बहुतेक वेळा 'जवळच तर आहे' एवढेच होते. तेवढे पुरले. १९९० मध्ये जळगावला उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ झाले, त्याला २०१८ पासून कवयित्री बहिणाबाई चौधरींचे नाव आहे, आणि पदवीच्या कागदांसाठीचे पुण्याचे हेलपाटे वाचले.

सगळ्याच संस्था टिकल्या असे नाही. ज्या साखर कारखान्याचा भोंगा ऐकून आपण घड्याळ लावायचो, तो गेल्या काही वर्षांत कर्जाच्या ओझ्याखाली बंद पडला. सभासद शेतकऱ्यांच्या घरी ते शेअरचे कागद अजून कपाटात आहेत. रंगाऱ्यांचा धंदा परदेशातल्या शोधाने गेला. कारखान्याबद्दल तसे म्हणून सुटता येत नाही. तो आपल्या लोकांचा होता, आणि त्याचे काय चुकले याची शांतपणे चर्चा व्हायला हवी.

केळी आणि पाणी

रावेर-यावल म्हणजे केळी, हे आता देशाला माहीत आहे. सावदा, निंभोरा, रावेर या स्टेशनांवरून केळीचे वॅगन दिल्लीकडे जात. बसराई, श्रीमंती, मग ग्रँड नैन आणि ऊतिसंवर्धित रोपे, ठिबकच्या नळ्या, असा आपल्या शेतांचा प्रवास आपण डोळ्यांनी पाहिला. २०१६ मध्ये जळगावच्या केळीला भौगोलिक मानांकन मिळाले.

केळीला पाणी लागते, आणि ते आपल्याला सातपुड्याने दिले. डोंगराच्या पायथ्याशी दगडगोट्यांचा आणि वाळूचा जाड पट्टा आहे. भूगर्भशास्त्रात त्याला बझाडा म्हणतात. डोंगरावरून येणारे पावसाचे पाणी तिथे मुरते आणि जमिनीखालून तापीकडे सरकते. आपल्या विहिरी त्याच वाटेवरच्या. पूर्वी मोटेने उपसले जात होते तोवर मुरणे आणि उपसणे यांचा मेळ बसत होता. विजेचे पंप आले, मग बोअर आले, आणि उपसा मुरण्याच्या पुढे गेला. यावल आणि रावेर हे तालुके भूजलाच्या अतिउपशासाठी सरकारी अहवालांत अनेक वर्षे नोंदले गेले आहेत. केंद्रीय भूजल मंडळाने कृत्रिम पुनर्भरणाचे प्रयोग यावल तालुक्यात केले ते त्यामुळेच. ज्या विहिरींत आपण पोहायला शिकलो त्यांतल्या बऱ्याच आज कोरड्या आहेत आणि त्यांच्या शेजारी शेकडो फूट खोल बोअर घेतलेले आहेत.

कुणाचे उपनगर?

आता आजच्या फैजपूरकडे येऊ. सावद्याचा रस्ता, यावलचा रस्ता, भुसावळकडे जाणारा रस्ता, कुठेही बघा, केळीच्या बागेला लागून प्लॉटचे दगड रोवलेले दिसतात. शेताला बिनशेती परवाना मिळतो, कमान उभी राहते, कॉलनीला देवाचे किंवा नेत्याचे नाव लागते. जुन्या गावातले मातीचे धाबे आणि लाकडी माडीचे वाडे रिकामे होत आहेत आणि माणसे कॉलनीत जात आहेत. फैजपूर आणि सावदा यांच्यामधले शिवार दर वर्षी थोडे आखडते.

शहर वाढले की शेजारचे गाव उपनगर होते, हे आपण पुण्याच्या हिंजवडीत किंवा वाघोलीत पाहिले. फैजपूरच्या बाबतीत प्रश्न पडतो, की शहर कोणते? भुसावळ रेल्वेचे आणि आयुध निर्माणीचे गाव आहे, तिथे आपल्याकडचे लोक रोज जाऊन येतात. पण एवढे बंगले भुसावळच्या पगारावर उभे राहिलेले नाहीत. हिशेब सरळ आहे. १९०१ मध्ये दहा हजारांच्या आसपास असलेले गाव २०११ मध्ये पंचवीस हजारांच्या पुढे गेले, म्हणजे एकशे दहा वर्षांत अडीच पटीच्या आसपास. याच काळात देशाची लोकसंख्या पाच पट झाली. उरलेली माणसे गेली कुठे? ती सुरत, नाशिक, ठाणे, पिंपरी-चिंचवड, बंगळूर आणि परदेशात आहेत. ती म्हणजे आपण. गावाकडचे प्लॉट आपल्या पगारातून घेतले गेले, 'म्हातारपणी जाऊ' किंवा 'आई-बाबांना सोयीचे घर हवे' म्हणून. फैजपूर हे आपल्यासारख्यांचेच उपनगर झाले आहे. शहर मात्र चारशे किलोमीटरवर आहे.

यात वाईट काही केले असे मी म्हणत नाही. शेती परवडेना म्हणून जमीन विकणाऱ्याला त्या पैशातून मुलीचे शिक्षण करता आले असेल. पण ज्या गावात जमिनीवर कुणाचा हक्क यावर देशाने ठराव केला, तिथल्या जमिनीबद्दल पुढचे निर्णय आता बरेचसे बाहेर राहणारे लोक फोनवरून घेत आहेत, हे आपल्याला ठाऊक असावे. आणि ठाऊक असेल तर दोन गोष्टी आपल्या हातात आहेत.

पहिली गोष्ट पाण्याची. ज्यांनी प्लॉट घेऊन घर बांधले आहे किंवा बांधणार आहेत, त्यांनी छतावरचे पाणी बोअरशेजारच्या शोषखड्ड्यात सोडावे. अंगणभर फरशी घालू नये. बांधकामाच्या एकूण खर्चात हा खर्च कुणाला जाणवणारही नाही. आपल्या वर्गात स्थापत्य अभियंते आहेत. कॉलनीनिहाय आराखडा करून द्यायला ते नाही म्हणणार नाहीत.

दुसरी गोष्ट नोंदींची. शेत बिनशेती झाले की कागदावरची त्याची ओळख बदलते. प्लॉटला नंबर मिळतो आणि शेताचे नाव जाते. प्रत्येकाच्या घरी शेतांना नावे आहेत, कुणाचे चिंचेचे, कुणाचे मळ्याचे, कुणाचे जुन्या मालकाच्या नावाने ओळखले जाणारे. ही सगळी नावे सरकारी कागदांवर सापडतीलच असे नाही. ती आपल्या आई-वडिलांच्या तोंडी आहेत. अधिवेशन पाहिलेली दहा वर्षांची मुलेही आज शंभरीच्या घरात असतील, म्हणजे ते पाहिलेले कुणी भेटणे आता दुर्मीळच. पण त्यांच्याकडून ऐकलेली मुले आहेत. स्वयंपाकाला कुणाच्या घरची भांडी गेली, कुणाच्या विहिरीचे पाणी वापरले, कुणाच्या गोठ्यातली बैलजोडी रथाला होती, असे काही आपल्या घरात बोलले गेले असेल तर ते आत्ताच लिहून घ्यायला हवे. खरे-खोटे नंतर ताडता येईल.

म्हणून एक विनंती. या दिवाळीला घरी गेलात की वडीलधाऱ्यांजवळ एक संध्याकाळ बसा. शेतांची नावे, विहिरींची नावे आणि त्यांना पाणी किती हातांवर होते, गल्लीत कोणता धंदा चालायचा, जमीन कशी आली किंवा कशी गेली, हे विचारा आणि फोनवर त्यांच्याच बोलीत ध्वनिमुद्रित करा. आपली लेवा गणबोली शब्दांसह त्यात राहील. रंगारी, भावसार, लेवा, कोळी, बौद्ध, मुस्लिम, तडवी अशा सगळ्या घरांतून ते यायला हवे, नाहीतर पुन्हा एकाच गल्लीचा इतिहास तयार होईल. आपल्या बॅचच्या गटावर पाठवा. सगळे एकत्र जुळवून नकाशावर बसवण्याचे काम मी घेते, ते माझ्या धंद्यातले आहे. पुढच्या स्नेहमेळाव्याला शाळेच्या ग्रंथालयात त्याची एक छापील प्रत ठेवू. आपल्या जागी आज बसणाऱ्या मुलांना गावाबद्दल एका ओळीपेक्षा जास्त वाचायला मिळेल.